रेडिओवर सवाल लागला, जवाब राहिला

अन्याय माझ्या मामांवर झाला. कधी? पहिल्या मतदानानंतर जो पहिला पोळा आला, त्याच्या आदल्या संध्याकाळी, रेडिओवर बाजारभाव सुरू व्हायच्या अगदी आधी. कुठं? ताडकळसच्या चावडीत, अख्ख्या गावासमोर. कुणी केला? सरकारी रेडिओ केंद्रानं.

मुद्दा वरच सांगून टाकला, कारण मी पत्रकं लिहून लिहायला शिकले. निजामी राज्य होतं तेव्हा परकराच्या घोळात पत्रकं घालून मी परभणीच्या गल्ल्यांतून वाटलेली आहेत. तेव्हा आम्हाला एकच धडा दिलेला होता: वाचणारा कुठल्याही क्षणी कागद लपवून पळेल, म्हणून सांगायचं ते पहिल्या चार ओळींत सांगा. आता वाचणाऱ्याला पळायचं काही कारण उरलेलं नाही. तरी सवय जात नाही.

मामा म्हणजे ताडकळसचे कलगीचे उस्ताद. ज्यांना कलगी-तुरा माहीत नाही (आणि असे लोक रेडिओ केंद्रात कार्यक्रम निवडायला बसतात, हे मला पुढं कळलं) त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. दोन फड असतात. तुरेवाले म्हणतात पुरुष थोर. कलगीवाले म्हणतात शक्ती थोर, प्रकृती थोर. तुरेवाला डफ वाजवून गाण्यातच सवाल टाकतो आणि कलगीवाल्यानं तिथल्या तिथं, त्याच चालीत जवाब द्यायचा. मग कलगीवाल्याची सवाल टाकायची पाळी. असं पहाटेपर्यंत. जो अडला त्यानं आपला डफ समोरच्याच्या हवाली करायचा, आणि तो सुटेपर्यंत दुसऱ्या डफाला हात लावायचा नाही. सुटायचा रस्ता एकच. ज्या श्रोत्यांनी सवाल ऐकला, त्याच श्रोत्यांना जवाब ऐकवायचा. हा नेम कुठं लिहिलेला नाही, त्यामुळं त्यात पळवाटही नाही.

मामांच्या समोर कायम पिंगळीचे उस्ताद असायचे. ते तुरेवाले. दोघांचं वैर इतकं जुनं की एकाच्या घरी लग्न निघालं की दुसरा आठ दिवस आधी येऊन मांडवाच्या मेढी रोवायचा. फडावर मात्र एकमेकांचं मागचं-पुढचं सगळं काढायचे. लोक त्यासाठीच गाड्या जुंपून यायचे.

तर ती संध्याकाळ. मी परभणीला मुलींच्या शाळेत नुकतीच मास्तरीण झालेली होते आणि पोळ्याच्या सुट्टीला मामांकडं गेलेली होते. सरकारनं चावडीला बॅटरीवर चालणारा रेडिओ दिलेला होता. बांबूला तार बांधलेली, तारेवर कावळा, आणि खाली सगळं गाव. पिंगळीचे उस्ताद रेडिओवर गाणार अशी खबर आधीच आलेली. मामांनी धुतलेलं धोतर नेसलं, फेटा बांधला, डफ शेकून घेतला आणि चावडीत सगळ्यांत पुढं जाऊन बसले.

"उस्ताद, डफ कामून आणलाव?" मागून एकानं विचारलं. "आपण तर ऐकायला आलाव."

"सामना हाय म्हनं," मामा म्हणाले. "सामन्याला कुणी हात हलवीत जातंय का?"

लोक हसले. मीसुद्धा हसले. तेवढ्यात पेटीतल्या बाई गोड आवाजात म्हणाल्या, "आता ऐका, कलगी-तुऱ्याचा सामना." सामना. हा शब्द त्यांनीच वापरला. तो ध्यानात ठेवा, कारण पुढं आमचा सगळा दावा या एका शब्दावर उभा होता.

पिंगळीच्या उस्तादांनी गण गायला, देवाला नमन केलं, आणि मग जे करायला नको होतं ते केलं. सवाल टाकला.

"बी पडलं म्हनून रान हिरवं, बियाविना रान उजाड,
बी पुरुष अन् रान परकृती, थोर कोन त्ये निवाड,
ताडकळसच्या कलगीवाल्या, जवाब दे न्हाई तर डफ काढ!"

 सगळ्यांनी मामांकडं पाहिलं. डफाची शेवटची थाप पडली आणि पेटीतल्या बाई म्हणाल्या, "हा होता कलगी-तुऱ्याचा सामना. आता ऐका बाजारभाव."

पिंगळीच्या उस्तादांना मी नंतर विचारलं, की एकटेच गायला गेला होतात, तर सवाल टाकलाच कशाला? ते म्हणाले, "अगं माय, डफ हातात आला की सवाल आपोआप येतोय. अन् सवाल म्हनल्यावर कुणाला तरी टाकावाच लागतोय. त्या खोलीत माणूस न्हाई काणूस न्हाई. समोर एक लोखंडी वाटी टांगलेली. तिला काय विचारू, बी थोर का रान थोर?"

इकडं चावडीत मामा उठले. सवाल पडला की जवाब तिथल्या तिथं. समोर माणूस असो की पेटी. त्यांनी डफ छातीशी धरला, रेडिओच्या पुढ्यात उभे राहिले आणि सुरू केलं:

"बी तुजं रं मुठीत होतं, मुठीत का न्हाई उगवलं?"

"ज्वारी, टाळकी," रेडिओ म्हणाला, "आवक बेताची."

"रानानं पदर पसरला, तवा..."

"सरकी तेज. भुईमूग स्थिर."

मामा मागं हटले नाहीत आणि रेडिओही हटला नाही. एकाला हळदीचे भाव ऐकायचे होते, तो म्हणाला, उस्ताद जरा थांबा की. दुसरा त्याच्यावर ओरडला, जवाब चालू हाय, हळद कुठं पळून जायलीय का? या गलक्यात जवाबाच्या पुढच्या ओळी बुडाल्या. पण पहिली ओळ भिंतीपलीकडं उभ्या असलेल्या बायकांनी स्पष्ट ऐकली आणि उचलली. ती ओळ आजही ताडकळसला नवऱ्याचा आवाज चढला की ऐकू येते.

पोळा झाला, दुसऱ्या दिवशीची कर झाली, आणि पिंगळीचे उस्ताद आपल्या फडात मागं झील धरणाऱ्या दोघांना घेऊन दारात हजर. ओसरीवर बसले, पाणी प्याले, पानाला चुना लावत बसले. 

"बोल की गड्या," मामा म्हणाले.

"काय बोलू? नेम म्हंजे नेम. माझे झीलकरी ऐकायला तयार न्हाईत. म्हनत्यात अख्ख्या मुलखानं सवाल ऐकला, जवाब काई आला न्हाई."

"दिला की मी. गाव साक्षी हाय."

"तुज्या गावानं ऐकला, उस्ताद. माज्या सवालाला मुलूख होता."

मामांनी थोडा विचार केला. "बराबर हाय," म्हणाले, आत गेले आणि डफ आणून पिंगळीकरांच्या मांडीवर ठेवला. हा डफ मामांना त्यांच्या गुरूनं दिलेला आणि गुरूला त्यांच्या गुरूनं. मामांनी तो असा दिला, जसा शेजाऱ्यानं मागितलेला विळा द्यावा.

मामी आतून गरजल्या, "आवं, बराबर काय बराबर? त्या पेटीला एकाच बाजूचं ऐकवता येतंय अन् दंड आपल्याला?"

"पेटीवर कामून चिडायलीस?"

"चिडू न्हाई तर काय करू? असंच आमच्या घरात बी चालतंय, एकानं बोलायचं अन् बाकीच्यानं बाजारभाव ऐकायचा. पण आमाला कुणी त्याचा पगार देत न्हाई!"

मी त्याच क्षणी ठरवलं, की हे प्रकरण मी सोडणार नाही. कारण बघा, मामांचा डफ सुटायचा तर ज्यांनी सवाल ऐकला त्यांनी जवाब ऐकला पाहिजे. आणि ते सगळे लोक गोळा करायची ताकद जगात फक्त एकाकडं होती. त्या केंद्राकडं.

दरम्यान गावातल्या पुरुषांना नवीनच जोर चढला. भाकरी करपली, पुरुष थोर. पाणी आणायला उशीर झाला, पुरुष थोर. "रेडिओनं सांगितलंय," म्हणायचे, "सरकारी हुकूम हाय." बायका शांतपणे म्हणायच्या, "मग मुठीत उगवून दाखवा."

मी केंद्राला पत्र लिहिलं. सभ्य शब्दांत लिहिलं, हे मुद्दाम सांगते, कारण नंतर तसं लिहिलं नाही. उत्तर आलं: कार्यक्रमांची निवड समिती गुणवत्तेनुसार करते, आणि कलगी-तुरा हा प्रकार या वर्षी घेऊन झालेला आहे. घेऊन झालेला आहे! जशा काही देवी टोचून झाल्या, आता मुलखाला पुन्हा कलगी-तुरा व्हायची भीती नाही.

मग मी पत्रक काढलं. मथळा: 'अर्धा सामना म्हणजे पुरता अन्याय'. जवाब छापून टाकावा, म्हणजे केंद्राची गरजच उरणार नाही, असा माझा बेत होता. मामांनी तो मोडून काढला. "पोरी, कागदाला चाल असती का? डफाविना जवाब म्हंजे मिठाविना वरण. अन् सवाल ज्यानं कानानं ऐकला, त्याला जवाब डोळ्यानं द्यायचा व्हय?" त्यामुळं पत्रकात सवाल होता, केंद्राचं पत्र होतं, माझा संताप होता आणि जवाब नव्हता. आमच्या मोठ्या बाईंनी शाळेत ते पत्रक माझ्यासमोर धरलं.

"पगार सरकारचा घेता आणि सरकारला शिव्या घालता?"

"शिव्या नाहीत बाई, विशेषणं आहेत."

"विशेषणं वर्गात शिकवा."

म्हणून मी वकील गाठला.

वकीलसाहेब जुने, शेरवानीतले, आयुष्य उर्दू कोर्टात गेलेलं. आता कोर्टाची भाषा बदलायला लागली होती आणि ते मराठी बोलताना प्रत्येक शब्द आधी हातात घेऊन बघत. माझं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "हारेंगे बेटा. लेकिन मजेदार हारेंगे."

मी घटनेची प्रत बरोबर नेली होती. कलम चौदावर खूण, कलम एकोणीसवर खूण. समानता, बोलण्याचं स्वातंत्र्य, सगळं तयार. त्यांनी प्रत मिटवून माझ्या हातात दिली. "हे वरच्या कोर्टासाठी ठेव. मुन्सिफसाहेबांना घटना दाखवली की ते घाबरतात. आपण त्यांना सामना दाखवू." दाव्याचा त्यांनी केलेला मुद्दा अगदी साधा होता. कुठला कार्यक्रम घ्यायचा हा केंद्राचा अधिकार, मान्य. पण केंद्रानं स्वतःच सामना म्हणून जाहीर केला, एका माणसावर गावाच्या नावानं भर मुलखात सवाल टाकू दिला आणि जवाबाला जागा ठेवली नाही. त्यानं त्या माणसाची अब्रू आणि डफ दोन्ही गेली. तेव्हा जेवढा वेळ सवालाला दिला, तेवढा जवाबाला द्यावा, असा हुकूम व्हावा.

सरकारवर दावा लावायचा तर दोन महिने आधी नोटीस द्यावी लागते. ते दोन महिने गेले. त्यातच राणीसावरगावच्या देवीची जत्रा आली. देवीपुढं कलगी गायची ती मामांनीच, असा रिवाज. त्या वर्षी मामा श्रोत्यांत बसले. पिंगळीकर एकटे उभे राहिले, गण गायला, आणि सवालापाशी येऊन थांबले. टाकायचा कुणाला? लोकांना वाटलं उस्तादांचा घसा बसला. मामा खाली मान घालून मांडीवर बोटांनी ताल धरून बसलेले मला दिसले. मी रडले नाही. घरी येऊन दुसरं पत्रक लिहिलं.

दावा लागला. मामांना पहिल्यापासून एक गोष्ट पटेना. "माजं सरकारशी भांडण न्हाई," ते वकिलांना म्हणाले. "पेटीशी हाय."

"उस्ताद, पेटीवर समन्स बजावता येत नाही."

"कामून? चावडीतच हाय की ती. पळून जात न्हाई."

पेशीच्या दिवशी सरकारी वकील आले ते काळ्या कोटात, तरुण, ताठ. उठल्या उठल्या म्हणाले, केंद्र दुसऱ्या शहरात आहे, या कोर्टाला हा दावा ऐकायचा अधिकारच नाही. आमचे वकीलसाहेब हळूच उठले. "हुजूर, एकानं आपल्या वावरात उभं राहून दगड मारला आणि तो शेजारच्या वावरात माणसाला लागला, तर माणूस जिथं पडला तिथं दावा चालतो. हा सवाल ताडकळसच्या चावडीत पडला." मुन्सिफसाहेबांनी टेबलावर पेन्सिल आपटली आणि म्हणाले, पुढं चला.

केंद्राचे कार्यक्रम अधिकारी साक्षीला आले होते. पांढरी विजार, चष्मा, बोलणं अगदी स्वच्छ, पेटीतून यावं तसं. त्यांनी शांतपणे सांगितलं की कलाकारांची निवड समिती करते आणि निकष फक्त गुणवत्ता.

"समिती कशावरून ठरवते?" आमच्या वकिलांनी विचारलं.

"माझ्या अहवालावरून."

"अहवालासाठी आपण पिंगळीला गेला होतात?"

"हो. प्रत्यक्ष जाऊन ऐकलं."

"आणि ताडकळसला?"

"नाही."

"का बरं?"

अधिकाऱ्यांनी चष्मा पुसला. "तिथं रेल्वे जात नाही."

कोर्टात जो हशा उठला, त्यात मुन्सिफसाहेबांचाही होता, फक्त तो त्यांनी खोकला म्हणून बाहेर काढला. तर गुणवत्ता म्हणजे ही. पिंगळीला स्टेशन आहे, म्हणून पुरुष थोर. उद्या आमच्याकडं रूळ टाकले असते, तर शक्ती थोर झाली असती.

"समितीत कुणी कधी कलगी-तुरा उभा राहून ऐकला आहे?" वकीलसाहेबांनी शेवटचं विचारलं.

"समितीत शास्त्रीय संगीताचे जाणकार आहेत."

"म्हणजे नाही."

"म्हणजे... नाही."

मग आमच्या बाजूनं पिंगळीचे उस्ताद उभे राहिले. हो, आमच्या बाजूनं. मुन्सिफसाहेबांनी विचारलं, नेमका काय सवाल टाकलात ते सांगा. उस्तादांनी घसा खाकरला.

"सांगा ना."

"साहेब, सवाल सांगता येत न्हाई. गाता येतोय."

"मग गा."

"डफ लागंल."

डफ त्यांनी आणलेलाच होता. मामांचा नाही, स्वतःचा. त्यांनी थाप मारली आणि कोर्ट बदललं. बाहेरचे पक्षकार दारात आले, शेजारच्या कचेरीतले कारकून खिडकीत आले, शिपायानं शांत राहा म्हणायचं सोडून ताल धरला. "ताडकळसच्या कलगीवाल्या, जवाब दे न्हाई तर डफ काढ!" शेवटची थाप पडली आणि दारातल्या गर्दीत कुणीतरी "वाहवा!" केलं.

मामा उठले. मला वाटलं, झालं! आता काय व्हायचं ते होऊ दे, पण जवाब सरकारी जागेत, भर गर्दीत होणार. मामांनी तोंड उघडलं, "बी तुजं रं..."

"हरकत आहे!" सरकारी वकील उभे. "काय प्रसारित झालं हा या दाव्याचा विषय आहे. जवाब प्रसारित झालेलाच नाही. म्हणून तो या दाव्यात गैरलागू आहे."

मुन्सिफसाहेबांनी एकदा मामांकडं पाहिलं, एकदा त्या काळ्या कोटाकडं. मला आजही वाटतं की त्यांना तो जवाब ऐकायचा होता. पण कायदा त्यांनाही बांधून होता. "हरकत मंजूर," ते म्हणाले. "खाली बसा."

काय झालं ते लक्षात आलं का? दावा कशाचा? सवाल घेतला आणि जवाब घेतला नाही, याचा. आणि कोर्टानं काय केलं? सवाल मिसलीत, म्हणजे दाव्याच्या कागदांत, घेतला आणि जवाब मिसलीबाहेर ठेवला. एकाच सामन्यात माझे मामा दोनदा हरले आणि दोन्ही वेळा जवाब पुरा व्हायच्या आत.

बाहेर लिंबाच्या झाडाखाली याहून मोठा तमाशा झाला. मामांनी फेट्यातली कलगी काढली आणि पिंगळीकरांपुढं धरली. "घे. दुसऱ्यांदा सवाल झाला, जवाब न्हाई झाला. डफ तुज्याकडं हायच, आता ही घे."

"म्या न्हाई घेत."

"कामून न्हाई? नेम हाय."

"मसनात गेला नेम! कोर्टात म्या साक्ष दिली, सवाल न्हाई टाकला."

"नाव घेतलंस का न्हाई माजं?"

"अरं, त्या साहेबानंच गा म्हनलं!"

"म्हंजे सवाल झाला. घे."

"घेत न्हाई जा!"

दोन म्हातारे एका कलगीपायी एकमेकांच्या अंगावर ओरडत होते, एक द्यायला आणि एक न घ्यायला. तेवढ्यात कार्यक्रम अधिकारी टांग्याकडं निघालेले तिथं थबकले आणि माझ्याजवळ येऊन म्हणाले, "हे फार छान आहे. याचा कार्यक्रम होऊ शकला असता." मी त्यांना काय उत्तर दिलं ते इथं लिहीत नाही. विशेषणं जास्त होती.

शेवटी कलगी वकीलसाहेबांनी घेतली, आपल्या शेरवानीच्या खिशात ठेवली आणि म्हणाले, फैसला होईपर्यंत ही माझ्याकडं अमानत.

फैसला आमच्या विरुद्ध गेला. काय ऐकवावं आणि काय ऐकवू नये हे ठरवणं केंद्राचं काम आहे, कोर्टाचं नाही. कुणाही कलाकाराला कार्यक्रम मागण्याचा हक्क नाही. मात्र ज्याला सामना म्हणून जाहीर केलं त्याच्या दोन्ही बाजू ऐकवणं योग्य झालं असतं, असं कोर्टाला वाटतं, पण कोर्टाला वाटणं म्हणजे हुकूम नव्हे. मी हे शेवटचं वाक्य दहा वेळा वाचलं. मुन्सिफसाहेब भले गृहस्थ होते. एवढ्या भल्या माणसाला एवढं हतबल वाक्य लिहावं लागलं, याचा राग मला त्या फैसल्यापेक्षा जास्त आला.

"अपील!" मी म्हणाले. घटना पुन्हा पिशवीतून काढली. कलम चौदाची खूण जागेवर होती.

मामांनी हात जोडले. "नगं माय. मोठ्या कोर्टात गेलं की तिथं बी साहेब म्हनंल सवाल गा. अन् जवाबाला हरकत. माज्याकडं द्यायला काई उरलं न्हाई आता. धोतर मागत्याल."

वकीलसाहेब इतके हसले की त्यांना पाणी द्यावं लागलं.

त्यानंतरचं सांगते. पुढच्या वर्षी केंद्रानं पिंगळीच्या उस्तादांना पुन्हा बोलावलं. ते गेले नाहीत. जुना सवाल फिटल्याशिवाय नवा टाकता येत नाही, असं त्यांनी कळवलं. केंद्रानं त्यांच्या नावापुढं कलाकार उपलब्ध नाही असं लिहिलं आणि त्या वेळात पोवाड्याची तबकडी वाजवली. मामांचा डफ पिंगळीला खुंटीवर आहे. उस्ताद दर पाडव्याला त्याला तेल-पाणी करतात, शेकतात आणि न वाजवता परत टांगतात. ताडकळसला कलगी नाही आणि पिंगळीला तुरा नाही. दोन गावांचा आवाज पंधरा मिनिटांच्या एका कार्यक्रमाच्या निवडीनं बंद पडला आणि निवडणाऱ्याला ते कळलंसुद्धा नाही.

मग राज्य बदललं. मराठवाडा मुंबई राज्यात गेला. केंद्रातले साहेब बदलले, मला वाटलं आता ऐकतील. मी स्वतः गेले. नवे साहेब अतिशय नम्र. चहा दिला. म्हणाले, "आता निवड पूर्वीसारखी नाही हो. आता आम्ही श्रोत्यांच्या पत्रांवरून ठरवतो. ह्या जवाबासाठी तुमच्याखेरीज कुणाचंही पत्र नाही. मागणीच नाही, तर आम्ही काय करणार?"

मी घरी आले आणि मामांना सांगितलं. म्हणजे जवळजवळ ओरडलेच. मामा अंगणात तुरीच्या शेंगा सोलत होते. ते म्हणाले, "साहेब खोटं न्हाई बोलला. नेम तिघांना असतोय पोरी. टाकणाऱ्याला, देणाऱ्याला, अन् ऐकणाऱ्याला. जवाब व्हईस्तोवर ऐकणाऱ्यानं उठायचं न्हाई, असा नेम हाय. लोक उठून गेले." आणि गाऊन दाखवतो म्हणाले, आणि दुसऱ्या ओळीवर खोकला आला. मामांचा आवाज आता पहिला राहिलेला नाही. वरच्या पट्टीत तो फाटतो. मी शेंगा सोलायला बसले.

आता मी तुमच्याशी बोलते. केंद्राशी बोलून झालं, कोर्टाशी बोलून झालं. त्या संध्याकाळी तुमच्या गावात रेडिओ असेल, तर तुम्ही तो सवाल ऐकलेला आहे. ऐकला नसेल, तर वर वाचलेला आहे. म्हणजे तुम्हीही या सामन्यात बसलेले आहात आणि मधूनच उठायची तुम्हाला परवानगी नाही. पोस्टाचं एक कार्ड घ्या. केंद्र संचालकांच्या नावानं लिहा: "बी थोर की रान थोर हा सवाल आपण लावलात. ताडकळसचा जवाब आम्हाला ऐकायचा आहे." खाली स्वतःच्या गावाचं नाव घाला, म्हणजे मागणी कुठून कुठून आहे ते त्यांना नकाशावर बघता येईल. शेजाऱ्याकडून एक लिहवून घ्या. घरातल्या बाईला लिहिता येत असेल तर तिला आधी लिहू द्या. मामांचा आवाज आहे तोपर्यंत लिहा. हे पान मिटवायच्या आधी उठा आणि लिहा.